खेळ काढला, मग जागा का नाही मिळाली?

घरात संगणक आला म्हणजे तो एकाचा राहत नाही. थोरल्याचा नोकरीचा अर्ज, मधलीचा प्रकल्प, वडिलांच्या भविष्य निर्वाह निधीचा उतारा आणि धाकट्याचा खेळ, हे सर्व एकाच पेटीत नांदतात, जसे आपण दहा बाय बाराच्या खोलीत नांदतो. खेळाला माझा विरोध नाही. शाळा, शिकवणी आणि पाणी भरणे उरकून आलेल्या मुलाने अर्धा तास पडद्यावर गाडी पळवली तर काही बिघडत नाही. परंतु मुलाचे मन एका खेळावरून उडते, तो दुसरा आणतो, आणि पहिल्याचे सामान तसेच पडून राहते. ते कुठे पडले आहे हे घरात कोणालाच माहीत नसते.

आमच्या वसाहतीत समाजमंदिराच्या माळ्यावर अभ्यासिका चालते. मी दिवसा कचेरीत कारकून आणि सायंकाळी सात ते नऊ अभ्यासिकेत. तेथे दोन जुने संगणक आहेत, एका कार्यालयाने बदलले तेव्हा स्वस्तात मिळालेले. डिसेंबर २०२४ मध्ये बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला असलेली वसाहतीतील एक मुलगी शिष्यवृत्तीच्या अर्जासाठी कागद स्कॅन करायला आली. तिचे वडील नाक्यावर उभे राहून बिगारी काम मिळवतात. त्यांचा उत्पन्नाचा दाखला त्याच दिवशी हाती आला होता आणि महाविद्यालयाने चार दिवसांची मुदत दिली होती. स्कॅनर चालला, दाखला पडद्यावर दिसला, पण तो जतन होईना. डिस्कवर जागा नाही, एवढेच उत्तर.

पाहिले तर सी ड्राइव्हची पट्टी तांबडी झाली होती. डिस्क २४० जीबीची, विंडोज तिला २२३ जीबी म्हणते. (यात फसवणूक नाही. विकणारा हजाराने गुणतो आणि विंडोज १०२४ ने, म्हणून आकडा कमी दिसतो.) त्यातील एक जीबीही शिल्लक नव्हती. मी मुलांना बोलावले. ती सरळपणे म्हणाली, "काका, गेम तर आम्ही कालच उडवले." आणि ते खोटे बोलत नव्हते. पडद्यावरची सगळी चित्रे त्यांनी खरोखरच पुसली होती.

मुलांची ही समजूत पुष्कळ मोठ्या माणसांचीही असते. पडद्यावर जे चित्र दिसते तो खेळ नव्हे, ती दारावरची पाटी. पाटी काढल्याने भाडेकरू घर सोडत नाही. ती पाटी जेमतेम एक-दोन केबीची असते आणि आतला भाडेकरू तीस-चाळीस जीबीचा. त्या मुलीचे कागद त्या रात्री मी माझ्या पेन ड्राइव्हवर जतन करून दिले, आणि दुसऱ्या दिवशी रविवार होता म्हणून सकाळीच साफसफाईला बसलो. मुलांनाही सोबत बसवले. सामान त्यांचे होते, तेव्हा कुठे काय आहे ते त्यांनीही पाहावे.

पहिले काम सोपे. सेटिंग्ज उघडून अ‍ॅप्स आणि त्यात इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स येथे जावे (विंडोज १० मध्ये याला अ‍ॅप्स अँड फीचर्स म्हणतात) आणि यादी आकारानुसार लावावी. सर्वात मोठे वर येतात. खेळ बंद आहे याची खात्री करून अनइन्स्टॉल म्हणावे. घड्याळाशेजारच्या बारीक चित्रांतही तो चालू नाही ना, हे पाहावे. जो खेळ एखाद्या मोठ्या दुकानवजा कार्यक्रमातून घेतलेला असतो, तो आधी त्या दुकानातून काढावा आणि मग दुकान काढावे. काही ऑनलाइन खेळ लबाडी पकडणारा एक रखवालदार वेगळा बसवतात. त्याची यादीत स्वतंत्र नोंद असते आणि खेळ गेला तरी तो कधी कधी मागे राहतो. तोही काढावा. आमच्याकडे यादीतील दोन खेळ गेले आणि ३४ जीबी मोकळे झाले.

येथेच बहुतेक लोक थांबतात. पण मुलांनी सांगितलेले खेळ पाच होते आणि यादीत सापडले दोन. बाकीचे यादीत येणारच नव्हते, कारण ते कोणी रीतसर बसवलेले नव्हते. मित्राच्या पेन ड्राइव्हवरून आख्खे फोल्डर आणून सी ड्राइव्हवर टाकले होते आणि तेथूनच चालवले जात होते. असे सामान फोल्डरसकटच पुसावे लागते. उलट एखादा रीतसर बसवलेला खेळ कोणी फोल्डर पुसून काढला, तर यादीतील त्याचे नाव मागे राहते आणि अनइन्स्टॉल म्हटले की संगणक चूक दाखवतो. पुष्कळदा विंडोज स्वतःच विचारते, नाव यादीतून काढू का? हो म्हणावे.

त्यानंतर आम्ही डाउनलोड्सचा फोल्डर उघडला. मुले गप्प झाली. एका खेळाचे पंचवीस-तीस तुकडे, झिपचे आणि रारचे, ओळीने पडले होते. तुकडे उतरवले, ते जोडून खेळ उलगडला, मग तो बसवला. म्हणजे एकच माल तीन ठिकाणी. वाणिज्य शाखेचा विद्यार्थी म्हणून मला त्याची गंमत वाटली: हिशेबाला माल एक आणि गोदामे तीन भरलेली. तुकड्यांचेच ३१ जीबी निघाले.

मात्र याच फोल्डरमध्ये आणखी एक गोष्ट होती, आणि ती वाचकांनी नीट लक्षात घ्यावी. त्या तुकड्यांच्या खाली दोन मुलांची परीक्षेची प्रवेशपत्रे होती, एका ताईंच्या बचत गटाचे पासबुक स्कॅन केलेले होते, आणि कोणाचा तरी जातवैधतेचा कागद होता. विंडोजमध्ये सेटिंग्ज, सिस्टीम, स्टोरेज, टेम्पररी फाइल्स अशी सफाईची सोय आहे. ती चांगली आहे, परंतु तिच्या यादीत डाउनलोड्स हेही एक नाव असते. त्यावर खूण असताना सफाईचे बटण दाबले तर खेळाच्या तुकड्यांबरोबर प्रवेशपत्रही जाते. म्हणून डाउनलोड्सवरची खूण नेहमी काढून ठेवावी आणि तो फोल्डर हाताने, एकेक पाहून साफ करावा. जात पडताळणीचा कागद मिळवायला आपल्या माणसांना किती खेपा घालाव्या लागतात, हे मी या अंकाच्या वाचकांना सांगायला नको.

कचेरीत आम्ही कागदांची वर्गवारी करतो. कायम ठेवायचे ते 'अ' वर्गात, वर्षभर ठेवून नष्ट करायचे ते 'ड' वर्गात, मधल्यांची मुदत वेगवेगळी. वर्गवारी केल्याशिवाय गठ्ठा फाडायला कोणी घेत नाही. संगणकावरही मी हाच क्रम ठेवला. 'अभिलेख' नावाचे एक फोल्डर केले, सर्व दाखले त्यात नेले, त्याची एक प्रत पेन ड्राइव्हवर घेतली, आणि मगच पुढे पुसापुशी केली.

आता मूळ प्रश्नाकडे येतो. रीतसर अनइन्स्टॉल केलेला खेळही मागे सामान का ठेवतो? कारण काढणारा कार्यक्रम साधारणपणे तेच उचलतो जे बसवणाऱ्याने आणले होते. खेळ सुरू झाल्यावर जे नवे तयार झाले ते त्याच्या यादीत नसते. जतन केलेला डाव, आवाजाच्या आणि चित्राच्या आवडीनिवडी, पडद्याची छायाचित्रे, चुकांच्या नोंदी, बाहेरून आणून घातलेल्या नव्या गाड्या, हे सर्व नंतरचे. जतन केलेला डाव तर पुष्कळदा मुद्दाम ठेवतात, म्हणजे सहा महिन्यांनी तोच खेळ पुन्हा बसवला तर मूल जेथे थांबले होते तेथून पुढे जाते. हेतू वाईट नाही. फक्त मालकाला कोणी सांगत नाही.

हे सामान ठरावीक ठिकाणीच सापडते. एक, प्रोग्राम फाइल्स आणि त्याचा जोडीदार, ज्याच्या पुढे कंसात एक्स-८६ लिहिलेले असते. तेथे खेळाच्या नावाचे रिकामे किंवा अर्धवट फोल्डर राहते. दुसरे, डॉक्युमेंट्स, आणि त्यात माय गेम्स. तिसरे, वापरणाऱ्याच्या नावाच्या फोल्डरमधील सेव्ह्ड गेम्स. चौथे ठिकाण लपलेले असते, त्याचे नाव अ‍ॅपडेटा. फोल्डरच्या खिडकीत व्ह्यू, शो, हिडन आयटम्स असे केले की ते दिसते. त्यात लोकल, लोकललो आणि रोमिंग अशा तीन खोल्या आहेत. युनिटी या यंत्रणेवर बनलेले खेळ बहुधा लोकललोमध्ये सामान ठेवतात आणि अनरिअलवर बनलेले लोकलमध्ये, सेव्ह्ड नावाच्या पोटफोल्डरात. पाचवे, सी ड्राइव्हवरील प्रोग्रामडेटा, तेही लपलेलेच. आणि संगणकावर दोन खाती असतील तर अ‍ॅपडेटाही दोन. आमच्याकडे विद्यार्थ्यांचे खाते वेगळे होते. माझ्या खात्यात शोधून काही सापडेना, आणि मुलांच्या खात्यात ६ जीबी निघाले.

एक इशारा. या खोल्यांत खेळांचेच नव्हे, सगळ्यांचेच सामान असते: ब्राउझरचे, छपाईयंत्राचे, मराठी टंकलेखनाचे. ज्या फोल्डरचे नाव खेळाचे किंवा तो बनवणाऱ्या कंपनीचे आहे अशी खात्री आहे, तेवढेच पुसावे. नाव ओळखीचे वाटले नाही तर हात लावू नये. त्याच कंपनीचा दुसरा खेळ अजून संगणकावर असेल, तर कंपनीचे फोल्डर न पुसता आतले त्या खेळाचे तेवढेच पुसावे. कोणते फोल्डर किती जागा खाते हे चौकोनांच्या नकाशात दाखवणारे विनडिरस्टॅट नावाचे फुकट साधन आहे, ते फार उपयोगी पडते. आमच्याकडे मोबाइलचे खेळ संगणकावर चालवणारे एक सॉफ्टवेअर कोणीतरी पूर्वी बसवून काढले होते. त्याचा आभासी मोबाइल, आतल्या खेळांसह, १९ जीबीचा, प्रोग्रामडेटात शांत बसला होता. नकाशात तो सर्वात मोठा चौकोन दिसला म्हणून सापडला.

हे चालू असताना बारा-तेरा वर्षांचा एक मुलगा माझ्या खुर्चीमागे येऊन उभा राहिला आणि हळूच म्हणाला, "काका, माझं मिशन पण जाईल का?" खेळ व्हाइस सिटी. संगणकावर २००३ साली आलेला, त्याच्या जन्माच्याही आधीचा. खेळ मोठ्यांसाठीचा आहे, मारामारीचा, आणि त्या वयाच्या मुलाने तो खेळू नये असे माझे स्पष्ट मत आहे. ते मी त्याला सांगितलेही. पण तो प्रश्न विचारताना त्याचा चेहरा पाहिला. त्याच्या घरी संगणक नाही. वडील रात्रपाळीला आणि आई सकाळी सहाला भांड्यांच्या कामाला. रांगेत उभे राहून मिळालेल्या वीस-वीस मिनिटांत त्याने दीड वर्षे जे जमवले होते ते त्या फाइलीत होते. आपण मोठी माणसे याला टाइमपास म्हणून मोकळे होतो.

व्हाइस सिटीचे जतन केलेले डाव डॉक्युमेंट्समध्ये त्याच खेळाच्या नावाने, यूजर फाइल्स असे जोडलेल्या फोल्डरात असतात. एक डाव जेमतेम दोनशे केबीचा. तेवढ्या जागेत शिष्यवृत्तीचा एखादा दाखलाच मावेल. मी त्या फाइली त्याच्याच हाताने एका जुन्या पेन ड्राइव्हवर उतरवून घेतल्या आणि तो ड्राइव्ह त्याला दिला. म्हटले, खेळ येथे पुन्हा बसणार नाही, पण हे तुझे आहे, तू सांभाळ. अभ्यासिकेतील एका सदस्यांना हे पटले नाही. मुलांना असेच डोक्यावर चढवून ठेवता, असे ते म्हणाले. त्यांचे मत मी ऐकून घेतले.

पुसलेले साधारणपणे रिसायकल बिनमध्ये जाते आणि ती टोपली रिकामी केल्याशिवाय जागा मोकळी होत नाही. टोपली रिकामी करण्यापूर्वी एक-दोन दिवस संगणक चालवून पाहावा. काही अडले तर परत काढता येते. त्यानंतर वर सांगितलेल्या टेम्पररी फाइल्समध्ये डायरेक्टएक्स शेडर कॅश अशी नोंद असते, ती निवडून पुसावी. खेळाची चित्रे लवकर उमटावीत म्हणून केलेला तो साठा असतो, गेला तरी नुकसान नाही, लागला तर पुन्हा तयार होतो. इतर तात्पुरत्या फाइलींसह आम्हाला आणखी ४ जीबी मिळाले.

रजिस्ट्री नावाची संगणकाची एक मोठी नोंदवही असते. तिच्यातही खेळाच्या नोंदी राहतात आणि रजिस्ट्री साफ करून देतो म्हणणारी सॉफ्टवेअरे बाजारात पुष्कळ आहेत. त्यांच्या नादी लागू नये. त्या नोंदी काही केबींच्या असतात, त्यांनी संगणक मंदावत नाही, आणि भलती ओळ खोडली तर विंडोजच उघडेनासे होऊ शकते. खुद्द मायक्रोसॉफ्टही अशा साधनांना पाठिंबा देत नाही. जुन्या नोंदवहीतली एखादी निरुपयोगी ओळ तशीच राहिली म्हणून कचेरी बंद पडत नाही.

खरी काळजीची गोष्ट मला शेवटी दिसली आणि ती जागेची नव्हती. फुकट म्हणून आणलेल्या खेळांबरोबर एक सूचनापत्र येते. आधी विषाणूरोधक बंद करा, किंवा खेळाचे फोल्डर त्याच्या तपासणीतून वगळा, असे त्यात लिहिलेले असते. मुले तसे करतात. खेळ जातो, पण ती सूट तशीच राहते. विंडोज सिक्युरिटी उघडून व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन, मॅनेज सेटिंग्ज, आणि अगदी खाली एक्स्क्लूजन्स येथे पाहावे. आमच्याकडे तेथे दोन फोल्डरांची नावे होती. अशा फोल्डरात काहीही येऊन बसले तरी पहारेकरी तिकडे पाहत नाही. आणि याच संगणकावर बाया-माणसे आपला आधार क्रमांक, बँक खाते, पोरांचे दाखले आणून देतात, या भरवशावर की येथे आपलीच माणसे बसलेली आहेत.

त्या दोन्ही सवलती काढल्या, फुल स्कॅन लावले आणि जेवायला घरी गेलो. परत आलो तेव्हा दोन संशयित फाइली सापडल्या होत्या. त्या हटवल्या. मग डिफेंडरचे ऑफलाइन स्कॅन केले. त्यात संगणक बंद होऊन पुन्हा सुरू होतो आणि विंडोज उघडण्यापूर्वीच तपासणी होते, वेळ पंधरा मिनिटांच्या आसपास लागतो. टास्क मॅनेजरमध्ये संगणकाबरोबर आपोआप सुरू होणाऱ्यांची यादी पाहिली आणि ब्राउझरला जोडलेली अनोळखी साधने काढली. त्या महिन्यात ज्यांनी ज्यांनी त्या संगणकावर ईमेल किंवा बँक उघडली होती त्या सर्वांना घरोघरी जाऊन सांगितले की पासवर्ड बदला, आणि तो दुसऱ्या यंत्रावरून, आपल्या मोबाइलवरून बदला. तीन घरे वर चढून उतरून पाय दुखले, पण फोनवर सांगितले असते तर कोणी मनावर घेतले नसते.

सर्व बेरीज १२१ जीबी झाली. मुलांच्या खात्याचा प्रशासकाचा अधिकार काढून ते साधे केले, म्हणजे आता काही नवे बसवायचे तर बहुतेक वेळा माझा पासवर्ड लागतो. खेळाला बंदी नाही. रविवारी दुपारी दोन तास, आणि त्यांतला एक तास मुलींचा. हा नियम मुलींनीच मागून घेतला. तोवर त्यांना खुर्ची मिळतच नव्हती, हे त्या निमित्ताने बाहेर आले. शिष्यवृत्तीचा तो अर्ज सोमवारी भरला गेला.

नंतरच्या आठवड्यात त्या मिशनवाल्या मुलाची आई कामावरून परतताना वर आली. "जयभीम दादा. मोबाइलात पण असंच राहतं का हो सगळं?" मी म्हटले, ताई, मोबाइलात तितके राहत नाही. अँड्रॉइडवर खेळ काढला की त्याची स्वतःची जागा बहुतेक मोकळी होते. फोटो आणि डाउनलोडमध्ये गेलेले मात्र राहते, आणि खेळातले खाते त्या कंपनीकडे राहते. दुसरी एक गोष्ट मात्र जरूर पाहा. खेळ काढल्याने त्याची मासिक वर्गणी थांबत नाही. प्ले स्टोअर उघडून वर उजवीकडील आपल्या चित्रावर बोट ठेवायचे, पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्समध्ये जायचे आणि सबस्क्रिप्शन्स पाहायचे. यूपीआयच्या अ‍ॅपमध्येही ऑटोपे अशी एक जागा असते, तीही पाहायची.

ताईंनी पदराला हात पुसून मोबाइल माझ्यासमोर धरला. मी सांगत गेलो आणि त्या स्वतः दाबत गेल्या. तेथे एका खेळाची दरमहा ८९ रुपयांची नोंद होती, सात महिन्यांपासूनची. खेळ मोबाइलात केव्हाच नव्हता. त्यांनी बोटांवर हिशेब केला, मी काही बोललो नाही. मग त्यांनी नोंद रद्द केली, दोनदा उघडून गेली की नाही ते पाहिले, आणि म्हणाल्या, आता शेजारणीचा पण बघून देते.